पन्हाळा: किल्ला, गाव की सहलीची बाग?

वेशीवरचा
मागच्या रविवारी बहिणीच्या मुलाला घेऊन पन्हाळ्याला गेलो होतो. तो नववीत शिकतो आणि पुण्यात वाढला आहे. नाक्यावर प्रवासी कर भरून गाडी वर चढली, दोन्ही बाजूंना हॉटेलांच्या पाट्या, भाजलेली कणसे, घोडेवाले आणि तबक उद्यानाकडे नेणारा फलक दिसू लागला, तेव्हा त्याने मला शांतपणे विचारले, "मामा, किल्ला अजून किती लांब आहे?" त्या वेळी आम्ही किल्ल्यात शिरून पाच मिनिटे झाली होती.

त्याचे काही चुकले असे मला वाटत नाही. २ मार्च १६६० पासून १३ जुलैच्या रात्रीपर्यंत सिद्दी जौहरचा वेढा ज्याने सोसला, ज्याच्यावर १६७३ मध्ये कोंडाजी फर्जंद साठ माणसे घेऊन रात्री चढला आणि ज्याच्यासाठी १७०१ मध्ये औरंगजेब स्वतः छावणी टाकून बसला, त्या किल्ल्याकडे आज आपण 'गार हवा आणि मोकळी जागा' म्हणून पाहतो. ११ जुलै २०२५ रोजी युनेस्कोने मराठा लष्करी भूप्रदेश म्हणून ज्या बारा किल्ल्यांची जागतिक वारसास्थळांत नोंद केली, त्यांत पन्हाळा आहे. कोल्हापूरकर म्हणून मला त्याचा अभिमान वाटतो, परंतु त्या दिवशी भाच्याला उत्तर देताना माझी पंचाईत झाली.

तेव्हा जाणकारांना दोन प्रश्न विचारतो. पन्हाळ्याच्या किल्ल्याची बाग केव्हा झाली आणि ती कोणी केली? आणि आता तिचा पुन्हा किल्ला करता येईल काय?

तांबडा_पांढरा
भाच्याला झुणका-भाकर खाऊ घातली की नाही, याचा मूळ लेखात उल्लेख नाही. तो खुलासा आधी व्हावा, मग इतिहासाकडे वळू.

जुनी_बखर
पहिल्या प्रश्नाचे उत्तर बरेचसे निश्चित देता येते. वेशीवरचा यांनी ज्या ठिकाणाहून गाडी आत घातली, तिथे पूर्वी चार दरवाजा होता. पन्हाळ्याच्या तीन मोठ्या प्रवेशद्वारांपैकी तीन दरवाजा आणि वाघ दरवाजा आजही पाहता येतात, परंतु पूर्वेचा चार दरवाजा १८४४ मध्ये इंग्रजांनी पाडला. सध्याची डांबरी सडक नेमकी त्याच जागेवरून आत येते. किल्ल्यात शिरताना डोक्यावर कमान आली नाही, म्हणून तुमच्या भाच्याला आपण आत आलो हे कळले नाही. कमान पाडणाऱ्यांनी हेच साधले होते.

१८४४ चे प्रकरण आपल्याकडे फार कमी सांगितले जाते, म्हणून थोडे विस्ताराने लिहितो. किल्ल्यांची राखण करणारे गडकरी वंशपरंपरेने ते काम करीत आणि त्याबद्दल त्यांना जमिनी असत. कोल्हापूरचे छत्रपती लहान असताना कंपनी सरकारने कारभार आपल्या विश्वासातल्या दाजी कृष्ण पंडित यांच्या हाती दिला आणि त्यांनी महसुलाची नवी घडी बसवताना या जमिनी मामलतदारांच्या ताब्यात घेतल्या. सामानगडाचे गडकरी प्रथम उठले, मग भुदरगड उठला आणि पन्हाळाही त्यांच्या बाजूला गेला. साताऱ्याचा रेसिडेंट कर्नल ओव्हन्स प्रवासात बंडवाल्यांच्या हाती सापडला आणि त्याला पन्हाळ्यावरच कैदेत ठेवले होते. १ डिसेंबर १८४४ रोजी इंग्रज फौजेने तोफा लावून पन्हाळा घेतला. त्यानंतर गडकऱ्यांची व्यवस्था मोडण्यात आली आणि पुन्हा कोणी आश्रय घेऊ नये म्हणून तटबंदीचा काही भाग पाडण्यात आला.

त्याआधी १७८२ मध्ये करवीर राज्याची गादी पन्हाळ्यावरून खाली कोल्हापुरात आलीच होती. म्हणजे आधी राजधानी गेली, मग शिबंदी गेली आणि राहिली ती केवळ हवा. उन्हाळ्यात वर येऊन राहणाऱ्या साहेबांनी आणि संस्थानी मंडळींनी त्या हवेसाठी बंगले बांधले. हॉटेले हा त्याच मालिकेतला अलीकडचा भाग आहे, त्याचा सारा दोष आजच्या पर्यटकाच्या माथी मारणे मला पटत नाही.

घाटमाथा
जुनी_बखर यांचा प्रतिसाद उत्तम आहे, परंतु निष्कर्षाशी मी सहमत नाही. इंग्रजांनी दरवाजा पाडला हे खरे. पण पुसाटी बुरुजाखाली प्लास्टिकच्या बाटल्या इंग्रजांनी टाकलेल्या नाहीत. मी गेली अनेक वर्षे जुलैमध्ये पन्हाळा ते पावनखिंड ही पदभ्रमंती करतो. पावसात भिजत, चिखल तुडवत मसाईच्या पठारावर पोहोचेपर्यंत शिवा काशीद आणि बाजीप्रभू यांचे नाव प्रत्येकाच्या तोंडी असते. तेच लोक आठ दिवसांनी कुटुंबासह गाडीतून पन्हाळ्यावर येतात, तेव्हा बाजीप्रभूंच्या पुतळ्यासमोर छायाचित्र काढतात आणि कणीस खाऊन परत जातात. पायी आलेल्या माणसाला पन्हाळा किल्ला दिसतो आणि गाडीतून आलेल्याला बाग दिसते, असा माझा अनुभव आहे. त्यामुळे दुसऱ्या प्रश्नाचे माझे उत्तर सरळ आहे: गाड्या खाली थांबवा.

गडावरची
मी पन्हाळ्यावरच राहते. माझे सासर गडावर आहे आणि आमची कितवी पिढी इथे नांदते आहे हे आजेसासऱ्यांनाही नेमके सांगता येत नसे. वर झालेली चर्चा वाचून एक गोष्ट विचारावीशी वाटते. 'किल्ला' आणि 'बाग' या दोनच खुणा तुम्ही नकाशावर केल्या आहेत. मग आम्ही कुठे राहतो?

पन्हाळ्यावर नगरपरिषद आहे, शाळा आहेत, तालुक्याच्या कचेऱ्या आहेत, रोजचा बाजार आहे. तुम्ही ज्याला तटबंदी म्हणता, तिच्या आत आमचे धुणे वाळत असते. गाड्या खाली थांबवा असे घाटमाथा यांनी एका वाक्यात लिहिले, पण रात्री अकरा वाजता आजारी माणसाला कोल्हापूरला न्यायचे झाले तर त्याला कोणी पाठीवर घ्यायचे? युनेस्कोच्या नोंदीची चर्चा सुरू झाली तेव्हा आमच्याकडे घरोघरी हीच धास्ती होती की उद्या घराची कौले बदलायलाही परवानगी मिळणार नाही. आमच्या स्वयंपाकघराची एक भिंत पावसात खचली होती. ती पुन्हा उभारण्यासाठी संबंधित कार्यालयात जे हेलपाटे घातले, त्यांची मोजदाद मी केली असती तर विशाळगडापर्यंत दोनदा जाऊन आले असते.

झुणका-भाकरीची चेष्टा चालली आहे ती चालू द्या, परंतु त्या चुलीवर गडावरच्या आणि खालच्या वाड्यांतल्या कितीतरी बायकांची घरे चालतात, हेही लक्षात ठेवावे.

घाटमाथा
ताई, माझा रोख रहिवाशांवर नव्हता. रहिवासी आणि रुग्णांच्या गाड्या अर्थातच याला अपवाद राहतील. एका वाक्यात लिहायला नको होते, हे मान्य करतो.

तांबडा_पांढरा
चेष्टा माझीच होती. भाकरीविषयी मी अत्यंत गंभीर आहे, एवढीच नोंद घ्यावी.

मोजपट्टी
व्यवसायाने स्थापत्य अभियंता असल्यामुळे कायद्याची बाजू मांडतो, कारण तिच्याविषयी दोन्ही बाजूंना गैरसमज दिसतात. निर्बंध युनेस्कोने आणलेले नाहीत. ते प्राचीन स्मारकांविषयीच्या १९५८ च्या केंद्रीय कायद्यात आणि त्यातील २०१० च्या दुरुस्तीत आहेत. संरक्षित स्मारकाच्या हद्दीपासून १०० मीटरपर्यंतचे क्षेत्र प्रतिबंधित असते, तिथे नवे बांधकाम करता येत नाही. त्यापुढचे २०० मीटर नियंत्रित असतात, तिथे परवानगी घेऊन बांधता येते. प्रतिबंधित क्षेत्रातही जुन्या घराच्या दुरुस्तीसाठी परवानगी मागता येते. युनेस्को कोणाचे घर रिकामे करू शकत नाही. नोंद झाल्याने आपल्या सरकारवर स्थळाची निगा राखण्याची जबाबदारी मात्र वाढते.

अडचण अशी आहे की हा नियम एकाकी देवळाभोवती किंवा माळावरच्या घुमटाभोवती सहज लागू होतो. पन्हाळ्यावर तट बाहेरून आहे, आत अंबरखाना, सज्जा कोठी, अंधार बाव आणि दरवाजे आहेत, आणि घरे या सर्वांच्या मधोमध आहेत. कागदावर प्रत्येक वास्तूभोवती वर्तुळ काढले की ती एकमेकांवर चढतात आणि गडावरची यांच्या स्वयंपाकघराची भिंत कोणत्या ना कोणत्या वर्तुळात येतेच. सात किलोमीटरांहून अधिक घेराच्या, माणसे राहत्या किल्ल्यासाठी घरागणिक पाहणी करून वेगळे नियम करणे, हा त्यावर उपाय आहे. ते काम कष्टाचे आहे, म्हणून ते कोणाला नको असते.

खडू_फळा
मी निवृत्त शिक्षक आहे. सहलींच्या निमित्ताने मुलांना घेऊन मी पन्हाळ्यावर इतक्या वेळा गेलो आहे की काही वाटाड्यांची वाक्ये मला पाठ झाली आहेत, आणि माझी तक्रार त्या वाक्यांविषयी आहे. बागेमुळे किल्ल्याचे जेवढे नुकसान झाले नसेल, तेवढे चुरचुरीत गोष्टींनी झाले आहे.

सज्जा कोठीचे उदाहरण घ्या. संभाजी महाराजांना येथेच कैदेत ठेवले होते, असे प्रत्येक वाटाड्या ठामपणे सांगतो. दिलेरखानाकडून परत आल्यावर १६७९ च्या अखेरीस संभाजी महाराज पन्हाळ्यावर होते, शिवाजी महाराजांनी त्यांची येथे भेट घेतली आणि ३ एप्रिल १६८० रोजी महाराजांचे निधन झाले तेव्हाही ते पन्हाळ्यावरच होते, हे इतिहासाला धरून आहे. परंतु ते गडावर होते यावरून ते याच इमारतीत कोंडलेले होते असे ठरत नाही. त्यानंतर काही दिवसांत त्यांनी हाच गड हाती घेऊन पुढची पावले टाकली, हे पाहता 'कैदी' हा शब्दच जपून वापरायला हवा. आदिलशाही काळातली ही सुरेख दुमजली इमारत, तिच्या सज्जातून खालचा मुलूख दूरवर दिसतो. तिचे मोल समजण्यासाठी तिला तुरुंग करण्याची गरज नाही.

अंधार बावेचेही तसेच. तीन मजल्यांची ती वास्तू शत्रूने बाहेरचे पाणी बिघडवले तरी आतल्यांना पाणी मिळावे, पहारेकऱ्यांना राहता यावे आणि वेळ आली तर निसटता यावे अशा बेताने बांधली आहे. हे सारे मुलांना समजावून सांगता येते आणि मुले ते मन लावून ऐकतात. वाटाड्या मात्र 'भुयार थेट विशाळगडाला जाते' असे सांगून मोकळा होतो. साठ किलोमीटरांचे भुयार असते, तर महाराजांनी पावसात पालखी का काढली असती, असा प्रश्न एकदा माझ्याच वर्गातल्या मुलीने त्याला विचारला होता.

जुनी_बखर
गुरुजी, त्या मुलीला माझा नमस्कार सांगा.

यात एक भर घालतो. सोयीच्या गोष्टी फक्त वाटाडेच सांगतात असे नाही, आपणही सांगतो. पन्हाळा 'मराठ्यांचा किल्ला' म्हणताना तो शिलाहार भोज राजाने उभारला, ११९१-९२ च्या ताम्रपटात त्याचा मुक्काम पन्हाळ्यावर असल्याचे आढळते, पुढे तो यादवांकडे आणि मग आदिलशाहीकडे गेला, हा भाग आपण घाईने उरकतो. तीन दरवाजावरचा फारसी शिलालेख इब्राहिम आदिलशहाच्या काळातील, १५३४ चा आहे आणि त्याच दरवाजावर गणपतीही कोरलेला आहे. १६६० च्या वेढ्यात राजापूरच्या वखारीतले इंग्रज जौहरच्या मदतीला तोफा घेऊन आले होते आणि त्यांनी आपले निशाणही फडकवले होते. त्याची किंमत पुढच्याच वर्षी त्यांच्या वखारीने मोजली. १७०१ मध्ये इंग्लंडचा वकील विल्यम नॉरिस बादशहाला भेटला, तो पन्हाळ्याच्या पायथ्याच्या छावणीत. हा डोंगर इतक्या लोकांना हवा होता, म्हणूनच तो मोठा.

रंकाळाकाठ
धाग्याचा विषय थोडा ओलांडतो, त्याबद्दल क्षमस्व. एखाद्या जागेचा अर्थ बदलून टाकण्याची कोल्हापूरला जुनी सवय आहे. माझ्या घरासमोरचा रंकाळा मुळात दगडाची खाण होता असे सांगतात. आज तिथे संध्याकाळी भेळ मिळते. शिवाजी चौकात एके काळी गव्हर्नर विल्सनचा पुतळा होता. १९४२ च्या चळवळीत भागीरथीबाई तांबट आणि जयाबाई हावीरे यांनी तो विद्रूप केला, पुढे तो फोडला गेला आणि त्या जागी शिवाजी महाराजांचा पुतळा आला. तिथे अर्थ बदलला तो लोकांनी जाणूनबुजून आणि जिवावर उदार होऊन बदलला. पन्हाळ्याची बाग मात्र कोणी ठरवून केलेली दिसत नाही, ती होत गेली. माझ्या मते हा फरक महत्त्वाचा आहे.

पायवाट_७४
मग विशाळगडाचे काय? तिथल्या प्रकाराविषयी कोणी काही बोलणार आहे की नाही?

संपादक मंडळ
विशाळगडाचा वाद या धाग्यात आणू नये, ही नम्र विनंती. त्यावरचा आधीचा धागा कोणत्या कारणाने बंद करावा लागला, हे सर्वांना ठाऊक आहे. येथे पन्हाळ्याविषयीच लिहावे.

मोडी_लिपी
उशिरा लिहीत आहे. घाटमाथा यांनी कचऱ्याचा आणि गडावरची यांनी राहत्या घरांचा विषय काढला. या दोन्ही गोष्टींवर रामचंद्रपंत अमात्यांनी तीनशे वर्षांपूर्वी लिहून ठेवले आहे. त्यांची समाधी पन्हाळ्यावरच आहे, पण तिथे गर्दी झालेली मी कधी पाहिली नाही. राज्यकारभारावरच्या त्यांच्या 'आज्ञापत्र' या ग्रंथात दुर्गांविषयी स्वतंत्र प्रकरण आहे आणि त्यात तोफा, दारू, पाणी यांच्याबरोबर झाडांची आणि केरकचऱ्याचीही व्यवस्था सांगितली आहे. गडावरचा केर वाटेवर किंवा बाजारात पडू देऊ नये, तो गडाखाली लोटू नये, जागच्या जागी जाळावा आणि त्याची राख परसात घालून भाजीपाला करावा, असा त्याचा आशय आहे.

आता यातला 'परस' हा शब्द पाहा. अमात्यांच्या डोळ्यांसमोर जो गड होता, त्यावर घरे होती, घरामागे परसे होती आणि परसात भाजी होती. अंबरखान्याच्या गंगा, यमुना आणि सरस्वती या कोठारांत पंचवीस हजार खंडी धान्य मावे असे म्हणतात, तेही कोणीतरी खाणार म्हणूनच साठवलेले होते. १७२९ मध्ये कवी मोरोपंतांचा जन्म याच गडावर झाला. ज्या गडावर पाळणा हलतो तो रिकामा पहारा नव्हे. रायगडासारखे ओस पडलेले स्मारक आपल्या मनात बसले आहे आणि त्या मापाने आपण पन्हाळ्याला कमी लेखतो. त्यामुळे 'पुन्हा किल्ला करावा' म्हणजे माणसे काढून दगड मोकळे करावेत, असा अर्थ कोणी घेत असेल, तर तसा किल्ला पन्हाळा त्याच्या भरभराटीच्या काळात कधीच नव्हता.

घाटमाथा
परसातल्या भाजीला माझा विरोध नाही. रात्री उशिरापर्यंत गाणी लावून चालणाऱ्या पार्ट्यांना आहे. आज्ञापत्रात त्याविषयी काही आहे का, तेवढे पाहून सांगावे.

मोडी_लिपी
गडावर गैरशिस्त माणूस ठेवू नये, याविषयी अमात्य फार कडक आहेत. ध्वनिवर्धक त्यांच्या काळी नव्हता, हे त्यांचे भाग्य.

गडावरची
मोडी_लिपी यांचा प्रतिसाद मी घरी मोठ्याने वाचून दाखवला. सासूबाई म्हणाल्या की परसात दोडका तर अजूनही आहे.

घाटमाथा दादा, पार्ट्यांचा त्रास तुमच्यापेक्षा आम्हाला अधिक होतो, कारण तुम्ही सोमवारी खाली असता. तेव्हा निदान या एका बाबतीत आपण एकाच तटाच्या आत आहोत.

खडू_फळा
मूळ प्रश्नाकडे येतो. चार दरवाजा पुन्हा बांधावा असे अधूनमधून कोणीतरी सुचवते. माझा त्याला विरोध आहे, कारण नव्या दगडाची कमान उभी केली की दहा वर्षांत वाटाडे तिलाच शिलाहारांची म्हणू लागतील. त्यापेक्षा जिथे दरवाजा होता तिथे रस्त्यावर दगडी पट्टा आखावा आणि १८४४ मध्ये येथे काय घडले, कोणी कोणाविरुद्ध शस्त्र उचलले आणि का, ते मराठीत नीट लिहावे. गाडीतून जाणाऱ्यालाही चाकाखाली खडखड लागली की कळेल, आपण उंबरा ओलांडला.

मोजपट्टी
गुरुजींची कल्पना तांत्रिकदृष्ट्या सोपी आहे. फक्त त्या पट्ट्यालाही गतिरोधक समजून पुढच्या पावसाआधी कोणी डांबर ओतू नये, एवढी काळजी घ्यावी लागेल.

वेशीवरचा
सर्वांचे आभार. 'बाग कोणी केली' हा प्रश्न मी काहीशा रागाने विचारला होता. पाडलेल्या दरवाजातूनच आपण गाडी घातली, हे मला ठाऊक नव्हते. गडावरची ताईंच्या प्रश्नाला माझ्या मूळ लेखात जागाच नव्हती, याची थोडी लाज वाटते.

हा धागा भाच्याला पाठवला होता. त्याने सगळा वाचला आणि एवढेच कळवले की दिवाळीच्या सुट्टीत पुन्हा जायचे, मात्र गाडी नेबापुरात शिवा काशीद यांच्या समाधीपाशी लावायची आणि तिथून पायी वर यायचे. माझ्या गुडघ्यांचे मत कोणी विचारलेले नाही.

गडावरची
जरूर या. चार दरवाजाची जागा मी स्वतः दाखवते, आणि दुपारी जेवायला आमच्याकडेच थांबा.

तांबडा_पांढरा
जेवायला काय असेल, याचा खुलासा व्हावा.

गडावरची
दोडका.